अकरा चहा, एकशे बत्तीस रुपये

गिरणगावातली रात्रशाळा. दहावीचा वर्ग, बीजगणिताचा तास. इमारत दिवसाच्या शाळेची, त्यामुळे भिंतीवर फळाफुलांचे तक्ते आणि बाकं लहान पोरांच्या मापाची. शेवटच्या बाकावर गुडघे तिरपे करून मी बसलोय. माझ्या पुढचा कुरिअरवाला जांभई दाबतोय.

सर फळ्यावर लिहितात : 3 चहा आणि 4 वडापाव, बिल 116 रुपये. 5 चहा आणि 3 वडापाव, बिल 120 रुपये. एका चहाची आणि एका वडापावाची किंमत काढा.

"टपरीवाल्याला विचारायचं ना, सर!"

"तो गावाला गेलाय. हातात दोन बिलं आहेत, तेवढ्यावर भागवा."

हशा पिकतो. पोराची शंका मला रास्त वाटते. पुस्तकातल्या गिऱ्हाइकांना एकूण रक्कम तोंडपाठ असते, भाव तेवढा ठाऊक नसतो. पण उधारीच्या वहीत नुसते आकडे मांडलेले असले की खरोखरच हीच पाळी येते.

खिडकीजवळचा मुलगा दिवसभर टपरीवर काम करतो. वही न उघडता तो पुटपुटायला लागतो. "दुसऱ्यानं दोन चहा जास्त घेतले, एक वडा कमी घेतला. पैसे चारच जास्त. म्हणजे एक वडा म्हणजे दोन चहा, वजा चार रुपये." मग पहिल्या बिलातले चारही वडे तो मनातल्या मनात चहात बदलून टाकतो. चार वड्यांचे आठ चहा, वजा सोळा. आधीचे तीन धरून अकरा. "अकरा चहा एकशे बत्तीसला. बाराचा चहा, विसाचा वडा."

मधल्या रांगेतल्या मावशी पोळीभाजी केंद्र चालवतात. त्यांचा हिशेब वेगळा. "पहिलं गिऱ्हाईक चार दिवस आलं म्हणा..." थांबतात, बोटं मोजतात. "नाही, पहिलं तीन दिवस, दुसरं चार दिवस. रोज तेच खाल्लं." वहीत नऊ चहा, बारा वडे, 348, खाली वीस चहा, बारा वडे, 480. "वडे दोघांचे सारखे झाले. फरक नुसता चहाचा." अकरा चहा, 132 रुपये.

पहिल्या बाकावरच्या मुलीनं एव्हाना क्रेमरच्या पद्धतीनं निश्चयक मांडलेत. गॅब्रिएल क्रेमर जिनिव्हाचा, त्याचा ग्रंथ 1750 चा. तिच्या उभ्या रेघांमधून उणे 132 भागिले उणे 11 निघतात. मावशी मान वाकडी करून वही बघतात. "उणे अकरा चहा कसले गं?" मुलगी हसते, पण चमकते. वरच्या ओळीत 348 वजा 480 आहे. मावशींच्या वहीतलेच आकडे, फक्त उलटे वजा केलेले.

सर टपरीवाल्या मुलाकडे वळतात. "उत्तर बरोबर. आता 'समजा'पासून लिही." तो लिहितो : समजा, चहा बरोबर एक्स. सर खडूनं बाकावर टकटक करतात. "चहा नाही. चहाची किंमत."

"तेच ते, सर."

तेच ते नाही, आणि माझ्या मते निम्म्या वर्गाची गाडी इथेच रुळावरून घसरते. एक्स म्हणजे चहा धरला की 'तीन एक्स' म्हणजे तीन पेले होतात, त्यात चार वडे मिळवले की सात पदार्थ होतात, आणि 116 कशाचे, याचा पत्ता लागत नाही. एक्स रुपये आहे, तीनदा घेतलेला भाव आहे. मुलगा 'ची किंमत' एवढी अक्षरं मध्ये कोंबतो. ओळ वाकडी होते, गणित सरळ होतं.

आता सर फळं काढतात. 9 महाळुंगं आणि 7 कवठं मिळून 107. 7 महाळुंगं आणि 9 कवठं मिळून 101. "हे गणित नवव्या शतकातलं. राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळात महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रह' लिहिला, त्यातलं." कवठ म्हटल्यावर मावशींना चटणी आठवते. मुलगा आधी फरक काढतो : दोन महाळुंगं जास्त, दोन कवठं कमी, पैसे सहा जास्त. म्हणजे महाळुंग तीनने महाग. मुलगी बेरीज करते : सोळा-सोळा फळं 208 ला, म्हणजे जोडी तेराला. दोघं एकमेकांकडे बघतात. आठ आणि पाच! या वेळी कुणी क्रेमरला हाक मारत नाही.

तास संपत आलाय. सर शेवटचं लिहितात : 3 चहा, 4 वडापाव, 116. 6 चहा, 8 वडापाव, 232.

मुलीचे निश्चयक शून्यावर येतात. शून्य भागिले शून्य. एकजण उत्साहानं ओरडतो, "फुकट!"

"फुकट कुठलं," मावशी म्हणतात, "एकच बिल दोनदा दाखवलंय त्यानं."

सर 232 पुसून 230 करतात. "आता?"

वर्ग गप्प. भाव कोणताही धरला तरी पहिलं बिल जुळतं तेव्हा दुसरं दोन रुपयांनी हटून बसतं. आलेख काढला तर दोन समांतर रेषा येतील, असं सर सुचवतात. टपरीवाल्या मुलाला ते पटत नाही.

"दुप्पट माल घेतला तर शेठ दोन रुपये सोडतात, सर."

"मग ते दोन रुपये समीकरणात कुठे घालायचे?"

"तिसरं अक्षर घ्या की. झेड."

"घेतलं. सूट सापडली. चहा केवढ्याला?"

तो वहीत बघतो, फळ्यावर बघतो. "त्याला अजून एक बिल लागेल."

"तिप्पट मालाचं चालेल?"

"नको," मावशी मध्येच म्हणतात. "नुसत्या चहाचं आण."