गाविलगड : भूरचना, संरक्षणव्यवस्था व पतन

प्रस्तावना
बडनेरा-अमरावतीच्या मैदानी पट्ट्यातून परतवाडामार्गे उत्तरेस जाताना सातपुड्याची जी रांग आडवी येते, तिलाच गाविलगडची रांग म्हणतात. तिच्या माथ्यावर, चिखलदऱ्यानजीक, गाविलगड हा मध्ययुगीन किल्ला आहे. गवळ्यांच्या गढीवरून हे नाव पडले, अशी परंपरा सांगते. भूरचना हे या दुर्गाचे सामर्थ्य होते आणि तीच त्याची उणीवही ठरली. ही बाब स्पष्ट करणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

भौगोलिक स्थान
ही रांग म्हणजे जलविभाजक होय. उत्तरेकडील सिपना, गडगा इत्यादी नद्या तापीस मिळतात, तर दक्षिणेकडील चंद्रभागा, सापन व शहानूर यांचे पाणी पूर्णेस जाते. दक्षिणेस खोल दऱ्या व तुटलेले कडे असून त्यांपलीकडे पूर्णेचे खोरे पसरलेले आहे. राजधानी अचलपूर याच मैदानात असल्याने तिच्या रक्षणाचा भार गडावर होता.

ऐतिहासिक आढावा
बहमनी सुलतान अहमदशहा वली याने १४२५-२६ च्या सुमारास किल्ल्याची उभारणी केल्याचा उल्लेख फिरिश्ता करतो. पुढे फत्तेउल्ला इमाद-उल-मुल्क याने त्याची डागडुजी केली व १४९० मध्ये वऱ्हाडात इमादशाहीची स्थापना केली. १५७४ मध्ये निजामशाहीने वऱ्हाड जिंकले. १५९६ मध्ये ते मोगलांकडे गेले. अठराव्या शतकात किल्ला नागपूरकर भोसल्यांच्या ताब्यात आला.

संरक्षणव्यवस्था
तीन दिशांना कडे असले, तरी उत्तरेस डोंगराची सोंड गडापर्यंत पोहोचते. म्हणूनच त्या बाजूस बाहेरचा किल्ला व दुहेरी तटबंदी बांधण्यात आली. बाहेरचा व आतला किल्ला यांच्या दरम्यान दरी आहे. दिल्ली दरवाजावरील सिंह, हत्ती व गंडभेरुंड यांची शिल्पे विशेष लक्षणीय आहेत. माथ्यावर झरे विपुल नसल्याने पावसाचे पाणी तलावांत साठविले जाई.

१८०३ चा वेढा
अडगावच्या लढाईनंतर (२९ नोव्हेंबर १८०३) ऑर्थर वेलस्लीने दक्षिणेकडून गडावर दबाव ठेवला. मुख्य हल्ला मात्र स्टीव्हन्सनने उत्तरेकडून चढविला. त्यासाठी सैनिकांनी ७ ते १२ डिसेंबर या काळात डोंगरातून वाट तयार करीत अवजड तोफा हातांनी ओढून लबाड्यापर्यंत नेल्या. तोफांनी बाहेरच्या तटास खिंडार पाडले. १५ डिसेंबर रोजी इंग्रज सैन्य त्यातून आत शिरले. पुढे दरी ओलांडून, शिड्या लावून आतला तटही सर करण्यात आला. किल्लेदार बेनीसिंग लढता लढता मारला गेला. दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला.

निष्कर्ष
मध्ययुगीन शत्रूला जी सोंड दुर्गम वाटली असती, तीच अवजड तोफांमुळे आक्रमणाचा मार्ग बनली. १८५८ मध्ये तात्या टोपे यांना आश्रय मिळू नये म्हणून इंग्रजांनी तटबंदी निकामी केली. त्यामुळे आजच्या पडझडीस केवळ काळ कारणीभूत नाही. मेळघाटच्या अरण्यात उभ्या असलेल्या या संरक्षित स्मारकाचा अभ्यास इतिहास, भूगोल व जलव्यवस्थापन या तिन्ही विषयांच्या अध्यापकांनी एकत्रितपणे केल्यास तो अधिक फलदायी ठरेल.