कोरड्या मुलखातील फळझाडे

प्रतिवर्षी आषाढाच्या आरंभी आमचे विद्यार्थी मोठ्या हौसेने झाडे लावितात, आणि चैत्र संपण्यापूर्वीच त्यांपैकी बहुतेकांच्या जागी एक वाळलेली काटकी व तिच्याभोवतीचे काटेरी कुंपण तेवढे उरते. उन्हास दोष देऊन आपण मोकळे होतो. परंतु त्याच उन्हात माळावरची बोर कोणी पाणी न घालताही उभी असते, हे पाहिले म्हणजे दोष आपल्या निवडीचा व लागवडीच्या रीतीचा आहे, असे म्हणणे भाग पडते.

आमचा अहिल्यानगर जिल्हा बहुतांशी सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतो. महाबळेश्वरी २०० इंचांहून अधिक पाऊस पडतो. आमच्या पूर्वेकडील तालुक्यांत २०-२२ इंचही पडेल तो खरा. येथे बारमाही पाणी मागणारे झाड लावणे म्हणजे कर्ज काढून पाहुणा ठेवण्यासारखे होय. इ. स. २०१२-१३ च्या अवर्षणात जालना जिल्ह्यातील मोसंबीच्या कित्येक बागा वाळून गेल्या. त्याच सुमारास आम्हीही आमच्या अंगणातील मोसंबीची सहा झाडे गमावली.

बोरीचा संसार निराळा आहे. तिचे सोटमूळ सरळ खोल जाते. ऐन उन्हाळ्यात ती पाने गाळून स्वस्थ राहते, पावसाबरोबर नवे फुटवे काढते, त्यांवरच मोहरते आणि जमिनीतील उरल्या ओलीवर पौष-माघात फळ देते. सीताफळही असेच काटकसरी. शिवाय त्याच्या पाल्यास शेरडे तोंड लावीत नाहीत, हा मोठाच लाभ. (नावावरून ते येथलेच वाटते, परंतु त्याचे मूळ स्थान अमेरिका खंड होय.)

आता रीत. पिशवीत फार दिवस वाढलेल्या रोपाचे सोटमूळ तळाशी वेटोळे घेते व पुढे खोल जात नाही. म्हणून बोरीचे बी जागेवरच लावावे. वैशाखात दोन फूट लांब, रुंद व खोल खड्डा खणून तापू द्यावा. मग तळ्याचा गाळ व कुजलेले शेणखत घालून भरावा. पहिल्या पावसानंतर गावठी बोराच्या दोन-तीन आठळ्या हलक्या हाताने फोडून आतील बी पेरावे आणि जोमदार असेल ते एकच रोप राखावे. पुढील पावसाळ्यात खोड पेन्सिलीएवढे झाले म्हणजे त्यावर उमराण जातीचा डोळा भरावा. डोळ्याखालून येणारे फुटवे मात्र निर्दयपणे काढावेत. नाही तर गावठी बोर उमराणास दडपून टाकते.

पाण्याविषयी पालकांस विशेष सांगणे आहे. टँकरच्या पाण्यातून काटकसर करून आपण मुलांबरोबर तांब्याभर पाणी देता. ते रोज बुंध्याशी ओतल्याने वरची मातीच भिजते, मुळे वरच राहतात, आणि सुटीत एक आठवडा खंड पडताच रोप मरते. त्याऐवजी कच्च्या भाजणीचे मडके रोपापासून हातभर अंतरावर गळ्यापर्यंत पुरावे, तिसऱ्या-चौथ्या दिवशी भरावे व वर झाकणी ठेवावी. पाणी झिरपत खोल जाते व मुळे त्याच्या मागे जातात. आळ्यात वाळल्या गवताचे आच्छादन असावे. दोन उन्हाळे एवढे केले म्हणजे पुरे.

शुभवर्तमानातील माळ्याने अंजिरासाठी एका वर्षाची मुदत मागितली होती. बोरीस तिसऱ्या-चौथ्या वर्षापर्यंत द्यावी. पुढे दर चैत्र-वैशाखात तिची छाटणी करावी लागते. आमच्या आवारातील बोरी छाटल्या, तेव्हा कोणी झाडे तोडिली म्हणून काही मुले रडवेली होऊन आमच्याकडे आली होती. त्यांस आम्ही श्रावणात पुन्हा पाहावयास बोलाविले.