सफरचंदाचा कॉब्लर आणि एक चमचा सोडा

दापोडे हे भिवंडी तालुक्यातले गाव. एके काळी इथे चहूकडे भातशेती होती. आज रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गोदामे दिसतात. मुंबई-ठाण्याच्या घरांत पोचणाऱ्या कितीतरी वस्तू आधी इथे उतरतात आणि मग दुसऱ्या ट्रकमधून पुढे जातात. सुट्टीच्या दिवशी आम्ही काही शिक्षक इथल्या आठवी-नववीच्या मुलामुलींबरोबर विज्ञानाचे छोटे प्रयोग करतो. प्रयोगशाळा नाही, एका घराची पडवी आणि त्या घरचे स्वयंपाकघर एवढीच आमची जागा.

एकदा एका मुलीने एक पुस्तिका आणली. तिचे वडील गोदामात माल चढवण्या-उतरवण्याचे काम करतात. फाटलेल्या खोक्यांच्या कचऱ्यात ती त्यांना सापडली होती. विजेच्या ओव्हनबरोबर येणारी पाककृतींची पुस्तिका. त्यात ‘सफरचंदाचा सोपा कॉब्लर’ होता, रंगीत चित्रासह.

“कॉब्लर म्हणजे जोडे शिवणारा ना?” एकाने विचारले. हशा पिकला. इंग्रजीत तोही अर्थ आहे, पण हा कॉब्लर म्हणजे गोड फळांच्या फोडींवर मैद्याचे मऊ गोळे ठेवून भाजलेला पदार्थ. भाजल्यावर वरचा भाग फरसबंदीच्या दगडांसारखा उंचसखल दिसतो.

“बाई, आपण करू या?” मुलीने विचारले. “गोदामात ओव्हनच्या राशी आहेत. घरात मात्र एकही नाही.”

आम्ही हो म्हटले. त्या ‘हो’मधून जे शिकायला मिळाले, त्यात आमची स्वतःची एक चूकही आहे. तीच आधी सांगतो.

पहिला कॉब्लर

पुस्तिकेत लिहिले होते : मैदा, साखर, लोणी, दूध आणि १ चहाचा चमचा बेकिंग पावडर. बेकिंग पावडर घरात नव्हती, खाण्याचा सोडा होता. “दोन्ही एकच,” आम्ही बिनदिक्कत सांगितले आणि एक चमचा सोडा घातला. सफरचंदाच्या फोडी पातेल्यात पसरल्या, वर गोळे ठेवले, झाकण लावून कुकरमध्ये कोरडेच भाजले.

पदार्थ फुगला, पण रंग पिवळट आला. वरचा भाग ओलसर आणि फिका राहिला. गोळ्यांची खालची बाजू कच्ची, चिकट होती. आणि चव? पहिला घास घेतलेल्या मुलाने तोंड वाकडे केले. “साबण खाल्ल्यासारखं लागतंय.”

मुले नम्रपणे गप्प बसली. पुस्तिका आणणारी मुलगी मात्र म्हणाली, “दोन्ही एकच असेल तर असं का झालं?”

प्रश्न अगदी रास्त होता. उत्तर आम्हाला येत असायला हवे होते. सोड्याचे रासायनिक समीकरण आम्ही फळ्यावर कितीदा तरी लिहिले आहे.

साबणाची चव कुठून आली?

खाण्याचा सोडा म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. तो नुसता तापवला की सुमारे ५० अंश सेल्सिअसपासून सावकाश, आणि तापमान वाढेल तसा वेगाने, विघटित होतो :

सोडियम बायकार्बोनेट → सोडियम कार्बोनेट + पाणी + कार्बन डायऑक्साइड

कार्बन डायऑक्साइडने पीठ फुगते, ते ठीकच. पण मागे उरते ते सोडियम कार्बोनेट, म्हणजे धुण्याचा सोडा! मुलांबरोबर हिशेब मांडला. १६८ ग्रॅम खाण्याच्या सोड्यापासून १०६ ग्रॅम धुण्याचा सोडा होतो. आमचा चमचा भरून सोडा साधारण ५ ग्रॅम. तो सगळा विघटित झाला असे धरले, तर त्या लहानशा पातेल्यात सुमारे ३ ग्रॅम धुण्याचा सोडा उरला. साबणाची चव लागली यात नवल ते काय!

हिशेब खरा की खोटा, हे तपासणेही सोपे होते. हळद पाण्यात कालवून कोऱ्या कागदाच्या पट्ट्यांवर लावली आणि वाळवली. उरलेल्या कॉब्लरचा चुरा चमचाभर पाण्यात भिजवून तो थेंब पट्टीवर टाकला. पिवळा कागद तांबूस झाला. हळदीचा डाग पडलेल्या कपड्याला साबण लावला की तो लाल होतो, हे मुलांनी घरी पाहिलेले होते. आम्लारी पदार्थाची ही खूण त्यांना लगेच पटली.

मग बेकिंग पावडर वेगळी कशी? तिच्यात सोड्याबरोबर एखादे कोरडे आम्ल किंवा आम्लधर्मी क्षार मिसळलेला असतो. शिवाय मक्याच्या पिठासारखा पिष्टमय पदार्थ असतो; तो हवेतला ओलावा शोषून घेतो आणि डब्यातच होणारी अभिक्रिया टाळतो. पाणी लागले की सोडा आणि आम्ल यांची गाठ पडते. इंग्लंडमधील बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड या रसायनतज्ज्ञाने १८४३ साली अशी पावडर तयार केली. त्याच्या पत्नीला यीस्ट घातलेला पाव सोसत नसे, हे त्यामागचे घरगुती कारण. बेकिंग पावडरमध्ये सोडा असतो साधारण चौथा ते तिसरा हिस्सा. म्हणजे आम्ही सोडा तीन-चार पट घातला, आणि आम्ल मात्र मुळीच घातले नाही.

पुढच्या रविवारी आम्ही मुलांना सरळ सांगितले, “मागच्या वेळी आम्ही चुकीचे सांगितले. दोन्ही एक नाहीत.” मुलांना याचे फारसे काही वाटले नाही. त्यांना दुसरा कॉब्लर करायची घाई होती.

आम्ल आणायचे कुठून?

“दही!” मुलांनीच सुचवले. ढोकळ्याच्या पिठात आंबट ताक आणि सोडा घालतात, हे त्यांना माहीत होते.

दह्यात लॅक्टिक आम्ल असते. सोड्याशी त्याची अभिक्रिया अशी :

सोडियम बायकार्बोनेट + लॅक्टिक आम्ल → सोडियम लॅक्टेट + पाणी + कार्बन डायऑक्साइड

८४ ग्रॅम सोड्याला ९० ग्रॅम लॅक्टिक आम्ल लागते. आंबट दह्यात ते साधारण १ टक्का धरले, तर १२० ग्रॅम दह्यात सव्वा ग्रॅमच्या आसपास आम्ल मिळेल. त्याला पुरेल एवढा सोडा म्हणजे १.२ ग्रॅम, चहाचा पाव चमचा. एवढ्याशा सोड्यातून वायू निघतो तो सुमारे ३५० मिलिलिटर! आम्लाची जोड मिळाली की सोड्यातला सगळा कार्बन डायऑक्साइड सुटतो; नुसत्या उष्णतेने त्याच्या निम्माच सुटतो. थोड्या सोड्यात काम भागते ते यामुळे.

उष्णता वरूनही हवी

आता दुसरी अडचण. वरचा भाग फिका का राहिला? इथेही ढोकळा मदतीला येतो. ढोकळाही सोड्यानेच फुगतो, मग तो केकसारखा तपकिरी का होत नाही? कारण तो वाफेवर शिजतो आणि वाफेचे तापमान १०० अंशांच्या आसपास राहते. भाजण्याचा खमंग तपकिरी रंग येतो तो प्रथिने आणि शर्करा यांच्या अभिक्रियेने. फ्रेंच शास्त्रज्ञ माइयार याने १९१२ साली तिचे वर्णन केले. ती झपाट्याने होण्यासाठी पृष्ठभाग कोरडा आणि १४० अंशांच्या वर तापलेला हवा. आमच्या बंद कुकरमध्ये सफरचंदाच्या रसाची वाफ झाकणाला लागून थेंबांच्या रूपाने परत खाली पडत होती. आम्ही भाजत नव्हतो, उकडत होतो!

ओव्हन नसताना वरून उष्णता कशी द्यायची? याचे उत्तर कोकणातल्या घरांत पूर्वीपासून आहे. काकडीचे धोंडस करताना पातेले मंद विस्तवावर ठेवतात आणि झाकणावर निखारे घालतात. गंमत अशी की, अमेरिकेत एकोणिसाव्या शतकात वस्ती करायला निघालेले लोक कॉब्लर असाच करत. त्यांच्याजवळही ओव्हन नव्हता. बिडाच्या जड भांड्यावर काठ असलेले झाकण ठेवून त्यावर ते निखारे पसरत. पुस्तिकेतला पदार्थ मुळात ओव्हनचा नव्हताच!

निखारे नसतील तर भाकरीचे दोन लोखंडी तवे घ्यावेत. एक तवा पातेल्यावर झाकण म्हणून, दुसरा शेगडीवर तापत. दर पाच मिनिटांनी अदलाबदल करायची. त्या वेळी कोंडलेली वाफही निघून जाते.

दुसरा कॉब्लर : कृती

फळांसाठी : मध्यम आकाराची ४ सफरचंदे, ४ मोठे चमचे साखर, अर्ध्या लिंबाचा रस, चिमूटभर दालचिनीची पूड, १ चहाचा चमचा तांदळाची पिठी.

गोळ्यांसाठी : मैदा १२० ग्रॅम (मोठी वाटीभर), २ मोठे चमचे साखर, ३ मोठे चमचे घट्ट थंड लोणी, आंबट दही १२० ग्रॅम (मोठी अर्धी वाटी), चहाचा पाव चमचा सोडा, चिमूटभर मीठ.

१. मोठ्या जाड बुडाच्या पातेल्यात बोटभर कोरडी, स्वच्छ वाळू किंवा जाडे मीठ पसरा. त्यावर कुकरची जाळी ठेवून मध्यम आचेवर दहा मिनिटे तापवा. तवाही तापत ठेवा.

२. सफरचंदे सोलून जाडसर फोडी करा आणि लगेच लिंबाचा रस लावा. चिरलेल्या फोडीतील पॉलिफिनॉल ऑक्सिडेज हे विकर हवेतल्या ऑक्सिजनच्या मदतीने फोड काळी पाडते. आम्लात ते मंदावते. गोड सफरचंदाला लिंबाने हवा तो आंबटपणाही येतो. फोडींना सोडा मात्र लागू देऊ नका. आम्लारीमुळे फळातले पेक्टिन लवकर तुटते आणि फोडींचा लगदा होतो.

३. साखर, पिठी, दालचिनी घालून फोडी लहान पातेल्यात पाच-सात मिनिटे शिजवा. फोडी गरमच राहू द्या. पहिल्या वेळी आम्ही गोळे थंड फोडींवर ठेवले होते. म्हणून त्यांची खालची बाजू कच्ची राहिली.

४. मैदा, साखर, मीठ, सोडा एकत्र चाळा. लोणी बोटांच्या टोकांनी चोळून रव्यासारखे करा. स्निग्धांशाचा थर बसला की मैद्यातल्या प्रथिनांपर्यंत पाणी कमी पोचते आणि ग्लुटेनचे लांब धागे तयार होत नाहीत. पोळीसाठी आपण कणीक मळतो ती हे धागे व्हावेत म्हणून. इथे ते नकोत.

५. सगळे तयार झाल्यावर शेवटी दही घाला. चमच्याने जेमतेम एकत्र करा, मळू नका. दही लागताच वायू सुटू लागतो, तेव्हा रेंगाळू नका. चमच्याने सात-आठ गोळे गरम फोडींवर सोडा. मधे थोडी फट ठेवा. वाफ तिथून निघते.

६. लहान पातेले तापलेल्या जाळीवर ठेवा. मोठ्या पातेल्यावर तापलेला तवा झाका. तीस ते चाळीस मिनिटे, तवे बदलत भाजा. गोळ्यात खुपसलेली काडी कोरडी निघाली आणि वर बदामी रंग आला की झाले.

काळजी : कुकर वापरायचा असेल तर शिटी आणि रबरी कडे दोन्ही काढूनच वापरा. निखारे फक्त उघड्यावर वापरा. बंद खोलीत त्यांच्यापासून होणारा कार्बन मोनॉक्साइड जीवघेणा असतो. तवे मोठ्यांनीच उचलावेत. मुलांना मोजमाप, मिसळणे आणि निरीक्षणे यांत भरपूर काम असते.

दुसऱ्या कॉब्लरचा चुरा भिजवून हळदीच्या पट्टीवर टाकला. पट्टी पिवळीच राहिली. मग मुलांनी तो खाल्ला. पातेल्यात काही उरले नाही.

वर्गात काय करता येईल?

पाककृती म्हणजे हुकूम नव्हे. प्रत्येक जिन्नस काहीतरी काम करत असतो. ते काम कळले की जिन्नस बदलता येतो, आणि न कळता बदलला की आमचा पहिला कॉब्लर होतो. हे मुलांना अनुभवायला ओव्हन लागत नाही, सफरचंदही लागत नाही. पिकलेले अननस, पेरू, आंबा, काहीही चालेल. मात्र फळात रस किती आणि आंबटपणा किती, हे पाहून पिठी आणि लिंबू कमीजास्त करावे लागेल. किती, ते मुलांनाच ठरवू द्या.

काही प्रश्न देतो. आधी अंदाज लिहायला सांगा आणि मग करून पाहायला.

१. एका बाटलीत पाव चमचा सोडा आणि दही, दुसरीत पाव चमचा सोडा आणि दूध घालून तोंडाला फुगे बांधले तर कुठला फुगा जास्त फुगेल? दोन्ही बाटल्या गरम पाण्यात ठेवल्या तर?

२. दही ताजे, गोड असेल तर सोडा कमी करावा की जास्त?

३. गोळे दही घालून अर्धा तास तसेच ठेवले आणि मग भाजले तर काय फरक पडेल?

४. ढोकळ्याच्या तुकड्याची हळदीची पट्टी कोणता रंग दाखवेल? वेगवेगळ्या घरचे ढोकळे तपासून पाहा.

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर आमच्या मुलांनी शोधले आहे. पण ते इथे सांगत नाही. तुमच्या मुलांना काय आढळले, ते आम्हाला जरूर कळवा. काही बिघडले तर तेही कळवा. कशामुळे बिघडले असे मुलांना वाटते, तेवढे मात्र त्यांच्याच शब्दांत लिहा.