मावळतीची किरणं आणि काळाची दिशा

किरणोत्सवाच्या संध्याकाळी कोल्हापूरच्या अंबाबाईच्या देवळात गर्दी असते, पण गोंगाट नसतो. महाद्वारातून आलेला मावळतीचा उजेड गरुड मंडप, कासव चौक, पितळी उंबरा असा पुढे सरकतो आणि माणसं श्वास रोखून पाहतात. परंपरेनं पहिल्या दिवशी किरणं चरणांवर, दुसऱ्या दिवशी मूर्तीच्या मध्यभागी, तिसऱ्या दिवशी मुखावर येतात. तारखा ठरलेल्या आहेत: ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी.

या तारखांकडे जरा थांबून पाहावं. डिसेंबरच्या २१-२२ तारखेला सूर्य दक्षिणेचं टोक गाठतो. तिथून मागे मोजा की पुढे, साधारण ४१ दिवसच येतात. जाताना आणि परतताना सूर्य एकाच वाटेनं गाभाऱ्यात डोकावतो. या प्रवासाचं चित्रण उलटं फिरवलं तरी कुणाला पत्ता लागणार नाही. समईचं मात्र तसं नाही. धूर वातीत शिरताना आणि तेल वर चढताना दिसलं, तर लहान पोरही सांगेल की हे उलटं चाललंय.

निसर्गाचे मूळ नियम दोन्ही दिशांना सारखेच चालतात, मग काळ एकाच दिशेनं का वाहतो? या प्रश्नाला ऐन पंचविशीत भिडलेला माणूस याच गावात, १९ जुलै १९३८ रोजी जन्मला. जयंत विष्णू नारळीकर. वडील विष्णू वासुदेव नारळीकर यांचाही जन्म कोल्हापूरचाच. ते पुढे बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक झाले. आई सुमती संस्कृतच्या जाणकार, माहेरच्या हुजूरबाजार. मोरूमामा बनारसच्या घरी राहत असताना फळ्यावर भाच्यासाठी आव्हान म्हणून एखादं गणित लिहून ठेवत. ते सुटेपर्यंत फळा पुसायचा नाही.

केंब्रिजमध्ये खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल यांच्या हाताखाली नारळीकरांनी जे काम केलं, त्याची मुळं एका विलक्षण कल्पनेत आहेत. विद्युतचुंबकीय लहरींची मॅक्सवेलची समीकरणं सोडवली की दोन उत्तरं मिळतात: एक लहर भविष्याकडे जाते, दुसरी भूतकाळाकडे. दुसरी आपल्याला कधीच दिसत नाही, म्हणून पुस्तकं ती गुपचूप टाकून देतात. १९४५ मध्ये व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी ती टाकली नाही. त्यांचं म्हणणं असं की दोन्ही लहरी अर्ध्या-अर्ध्या असतात. विश्वातला सगळा पदार्थ प्रकाश शोषताना जो प्रतिसाद देतो, त्यानं भूतकाळाकडची लहर पुसली जाते. त्याआधी, १९२२ मध्ये, टेट्रोड या भौतिकशास्त्रज्ञानं लिहिलं होतं की सूर्य अवकाशात अगदी एकटा असता तर तो प्रकाशलाच नसता. प्रकाश द्यायला घेणारा लागतो.

पण घेणारा पुरेसा आहे का, हे विश्वाच्या घडणीवर ठरतं. हॉगार्थ यांनी १९६२ मध्ये हा धागा विश्वाच्या प्रसरणाशी जोडला. हॉइल-नारळीकरांनी पुढचं गणित मांडलं: भविष्यात प्रकाश पूर्ण शोषला जायला हवा आणि भूतकाळात तो अपुरा शोषला गेलेला हवा, तरच दिशा बरोबर येते. त्यांच्या स्थिर-स्थिती विश्वात, म्हणजे पसरत असूनही कायम सारख्याच दिसणाऱ्या, आरंभ नसलेल्या विश्वात, हे जमतं. महास्फोटानंतर कायम पसरत राहणाऱ्या विश्वात जमत नाही. समई आणि दूरच्या दीर्घिका एकाच हिशेबात आल्या. मला या कामातलं सर्वांत सुंदर ते हेच वाटतं.

१९६३ च्या उन्हाळ्यात कॉर्नेल विद्यापीठात ‘काळाचं स्वरूप’ या विषयावर परिषद झाली. तिच्या छापील वृत्तांतात ‘मिस्टर एक्स’ नावाचे गृहस्थ सारखे बोलतात. ते रिचर्ड फाइनमन. त्यांनी आपलं नाव छापू दिलं नव्हतं. आपलं काम घेऊन नारळीकर त्या चर्चेत होते.

पुढच्याच वर्षी हॉइल-नारळीकर गुरुत्वाकर्षण सिद्धान्तानं जगभर मथळे मिळवले आणि १९६५ मध्ये, सव्विसाव्या वर्षी, नारळीकरांना पद्मभूषण मिळालं. त्याच वर्षी पेन्झियस आणि विल्सन यांनी महास्फोटाची खूण मानल्या गेलेल्या वैश्विक सूक्ष्मलहरी सापडल्याचं जाहीर केलं आणि स्थिर-स्थितीचा पाया हलला. तरुण स्टीफन हॉकिंगनं गुरुत्वाकर्षण सिद्धान्तातला दोष दाखवला होताच. बहुसंख्य खगोलशास्त्रज्ञ महास्फोटाकडे वळले, नारळीकर वळले नाहीत. १९९३ मध्ये हॉइल आणि बर्बिज यांच्यासह त्यांनी स्थिर-स्थितीचं सुधारित रूप मांडलं; तेही फारसं स्वीकारलं गेलं नाही. ते चुकले असतील. पण प्रश्न नीट विचारणं हेही काम असतं, आणि ते त्यांनी शेवटपर्यंत केलं.

मराठीत तोच प्रश्न गोष्ट होऊन आला. मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी ‘कृष्णविवर’ पाठवताना त्यांनी ‘नारायण विनायक जगताप’ हे नाव घेतलं. जयंत विष्णू नारळीकर या नावाची आद्याक्षरं उलटी लावली की जगताप तयार होतात. कथेला पहिलं बक्षीस मिळालं. त्यानंतर ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ आलं. इतिहासाचे हे काल्पनिक प्राध्यापक अशा जगात जाऊन येतात, जिथं विश्वासरावांना गोळी चाटून गेली आणि मराठे पानिपत जिंकले. परतल्यावर त्यांच्या खिशात त्या दुसऱ्या इतिहासातल्या बखरीचं फाटकं पान निघतं. इतिहास एकाच वाटेनं का गेला, हे विचारायला पंतांइतका योग्य माणूस नाही.

२० मे २०२५ रोजी पुण्यात नारळीकर गेले. नोव्हेंबरची ९ तारीख पुन्हा येईल. मावळतीला महाद्वारातून जे किरण आत येतील, ते सूर्यावरून निघून आठ मिनिटांहून थोडा अधिक वेळ झालेला असेल. टेट्रोडचं खरं असेल, तर निघतानाच त्यांच्या वाटेच्या टोकाला पितळी उंबऱ्यापलीकडचा तो काळा पाषाण असेल.