मृगजळ, स्मृती आणि दृश्यप्रत्यय

मृगजळ मराठी वाचकाला परिचित आहे ते मुख्यतः वेदान्तातील दृष्टांत म्हणून. जे नाही ते असल्यासारखे भासणे, हा त्याचा रूढ अर्थ. अमेरिकी व्हिडिओ-कलावंत बिल व्हायोला (१९५१-२०२४) यांच्या 'शत्त अल-जरीद' (१९७९) या २८ मिनिटांच्या कलाकृतीत मृगजळ हा दृष्टांत राहत नाही; तो प्रत्यक्ष अवलोकनाचा विषय होतो.

शत्त अल-जरीद हे ट्युनिसियाच्या वाळवंटातील विस्तीर्ण, बहुतांश काळ कोरडे असणारे खारे सरोवर. तेथील तापलेल्या जमिनीलगतची हवा वरच्या हवेपेक्षा विरळ होते. त्यामुळे आकाशाकडून खाली येणारे किरण वाकून पुन्हा वर वळतात आणि आकाशाचा तुकडा जमिनीवर पसरल्यासारखा दिसतो. व्हायोला यांनी टेलिफोटो भिंगाच्या साहाय्याने नेमके हेच टिपले आहे. कॅमेऱ्याला तहान नसते, आशाही नसते. तरीही त्याला मृगजळ दिसते. म्हणजेच मृगजळ हा डोळ्यांचा दोष नव्हे, ती प्रकाशाची वास्तव घटना आहे. तिला 'पाणी' हे नाव देते ती पाहणाऱ्याची स्मृती. पूर्वी पाण्यात आकाशाचे प्रतिबिंब पाहिलेले असते, म्हणून जमिनीवरचे आकाश पाणी ठरते.

दूरवरच्या आकृती या चित्रफितीत थरथरतात, विरघळतात, पुन्हा जुळून येतात. हे झाड की माणूस, याचा निर्णय प्रेक्षकाला सतत पुढे ढकलावा लागतो. निवेदन नसल्याने त्याला बाहेरून आधारही मिळत नाही. एरवी क्षणार्धात, नकळत घडणारी ओळखण्याची प्रक्रिया येथे लांबते आणि म्हणूनच जाणवू लागते. इलिनॉय आणि सस्कॅचवान येथील हिमाच्छादित मैदानांची दृश्येही याच कृतीत आहेत, ती याच कारणाने महत्त्वाची ठरतात. बर्फाच्या शुभ्रतेत अंतराच्या खुणा पुसल्या जातात, वाळवंटात त्या उष्णतेने ढळतात. परस्परविरोधी हवामानांत अनुभव मात्र एकच येतो: खुणा हरवल्या की, दिसणाऱ्यात आपण स्मृतीतून किती भर घालतो ते उघड होते.

या दृष्टीने पाहता मूळ दृष्टांताचाही एक दुर्लक्षित पैलू समोर येतो. मृगजळ ओळखल्यानंतरही ते दिसतच राहते. थांबते ते त्यामागचे धावणे. ज्ञानाने भास नाहीसा होत नाही, त्याच्याशी असलेले आपले नाते बदलते. व्हायोला यांची कृती प्रेक्षकाला या बदलापर्यंत आणते, तेही एका शब्दाचा आधार न घेता.