आडनाव म्हणजे जातीचा दाखला नव्हे

मराठी आडनावांबद्दलचा सर्वांत चिवट गैरसमज असा, की आडनाव कळले म्हणजे जात कळते. भाड्याने खोली देताना, शाळेत नवे शिक्षक रुजू झाले की, ऑफिसात नवा माणूस आला की ‘पूर्ण नाव काय?’ असे सहज विचारल्यासारखे विचारले जाते आणि उत्तर मिळताच समोरच्याची जात मनातल्या मनात ठरवून टाकली जाते. माणसाला असे जोखणे अन्यायाचे आहेच. शिवाय ज्या ठोकताळ्यावर हे चालते, तो ठोकताळाच खोटा आहे.

‘गायकवाड’ घ्या. बडोद्याचे राजघराणे गायकवाडांचे. 1930 मध्ये नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला, तेव्हा डॉ. आंबेडकरांच्या बरोबरीने तो उभा करणारे दादासाहेबही गायकवाड. ‘उचल्या’ लिहून 1988 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळवणारे लक्ष्मण गायकवाड तर ब्रिटिशांनी गुन्हेगार ठरवलेल्या जमातीत जन्मले. एक मराठा, एक महार, एक भटका-विमुक्त. तिघांचे आडनाव अक्षरशः एकच. त्यावरून जात सांगायची तर कोणती सांगणार?

हा अपवाद नाही. पवार, भोसले, शिंदे, चव्हाण ही आडनावे ऐकली की शहाण्णव कुळी आठवणाऱ्यांना हे ठाऊक नसते, की फासेपारध्यांची नेहमीची आडनावे हीच आहेत. पवार, चव्हाण, जाधव बंजारा समाजातही सर्रास आढळतात. ‘बलुतं’चे लेखक दया पवार आणि धार-देवासचे संस्थानिक पवार यांच्या आडनावात काना-मात्रेचाही फरक नाही. शंका असेल त्यांनी आर. ई. एन्थोव्हेन यांचे मुंबई इलाख्यातील जाती-जमातींवरचे तीन खंड (1920 ते 1922) उघडून पाहावेत. जातीमागून जात वाचत गेले की मोरे, जाधव, पवार, शिंदे ही कुळनावे पुन्हा पुन्हा भेटतात. ‘साठे’ म्हटले की अनेकांना फक्त कोकणस्थ ब्राह्मण आठवतात. वाटेगावच्या मातंग कुटुंबात 1920 मध्ये जन्मलेले अण्णा भाऊही साठेच होते. ‘जोशी’ हे आडनाव गुजरातेत आहे, कुमाऊंत आहे, आणि खुद्द महाराष्ट्रात कुडमुडे जोशी ही भटकी जमात आहे, शासनाच्या यादीत नोंदलेली.

असे का होते, हे आडनावे कशी पडली ते पाहिले की उलगडते. आडनाव पडायच्या मुख्य वाटा तीन: हुद्दा, गाव आणि टोपणनाव. यांपैकी एकही वाट जातीच्या वेशीपाशी थांबत नाही. गावचा मुख्य तो पाटील, गावचा हिशेब ठेवणारा कुलकर्णी, परगण्याचा मुख्य देशमुख, परगण्याचा हिशेब पाहणारा देशपांडे. ही वतने होती आणि ज्या घराकडे वतन, त्या घराचे ते नाव. म्हणून पाटील मराठ्यांत आहेत, आगरी-कोळ्यांत आहेत, लेवा समाजात, जैनांत, लिंगायतांत आहेत, वसईच्या ख्रिस्ती घरांतही आहेत. देशमुख मराठे आहेत, ब्राह्मण आहेत, मुसलमानही आहेत. परगणा आणि कुलकर्णी वतने 1950 च्या कायद्याने रद्द झाली, पुढे 1962 च्या कायद्याने मुलकी पाटीलकीही गेली. हुद्दे गेले, आडनावे तेवढी उरली.

गावावरून पडणारे ‘कर’ तर याहून मोकळे. याविषयी आणखी एक समज असतो, की अमुककर म्हणजे अमुक गावात राहणारे. खरे तर गावात सगळेच त्या गावचे. तिथे त्या नावाने कोण वेगळा ओळखू येणार? गाव सोडून माणूस दुसरीकडे गेला की तिथले लोक त्याला त्याच्या मूळ गावाच्या नावाने ओळखू लागतात. म्हणजे ‘कर’ बहुधा गाव सोडल्याची खूण असते. ती कोणालाही चिकटते. कोकणच्या किनाऱ्यावर शतकानुशतके राहिलेल्या बेने इस्रायली ज्यूंची आडनावे पाहावीत: पेणवरून पेणकर, किहीमवरून केहीमकर, चौलवरून चेऊलकर, दिवेआगरवरून दिवेकर. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून ज्यांना गाव ‘शनवार तेली’ म्हणे, ते हे लोक. केवळ ‘दिवेकर’ एवढ्या शब्दावरून समोरचा माणूस हिंदू की ज्यू हेही सांगता येत नाही, तिथे जातीची गोष्ट दूरच.

शिवाय आडनाव बदलते. पेशव्यांचे आडनाव भट. ‘पेशवा’ हा हुद्दा. नाना फडणविसांचे आडनाव भानू. दीनानाथांचे घराणे हर्डीकरांचे. गोव्यातल्या मंगेशीवरून त्यांनी मंगेशकर हे नाव घेतले. डॉ. आंबेडकरांचे घराणे सकपाळांचे; रत्नागिरी जिल्ह्यातल्या आंबडवे या गावावरून आंबडवेकर आणि पुढे आंबेडकर झाले. तुकोबांचे कुळ मोरे आणि आडनाव आंबिले. म्हणजे कुळ आणि आडनाव या गोष्टी तेव्हाही दोन होत्या. विसाव्या शतकात अनेक दलित कुटुंबांनी जुने आडनाव टाकून गावावरून नवे घेतले, ते जुन्या आडनावाचा धागा पकडून होणारी हेटाळणी संपावी म्हणून. ज्या समाजात असे करावे लागते, त्यानेच पुन्हा ‘मूळचे आडनाव काय हो?’ असे खोदून विचारणे निर्दयपणाचे आहे.

कायद्याच्या लेखीही आडनाव म्हणजे पुरावा नव्हे. महाराष्ट्रात जातीचा दाखला आणि त्याची पडताळणी यांसाठी 2000 चा अधिनियम आहे. पडताळणीत जुनी कागदपत्रे तपासतात: वाडवडिलांच्या शाळेच्या पटावरची नोंद, जन्ममृत्यूची नोंद, महसुली कागद. अनुसूचित जातींसाठी 10 ऑगस्ट 1950 पूर्वीचे, अनुसूचित जमातींसाठी 6 सप्टेंबर 1950, विमुक्त-भटक्यांसाठी 21 नोव्हेंबर 1961 आणि इतर मागासवर्गीयांसाठी 13 ऑक्टोबर 1967 पूर्वीचे वास्तव्य व जात दाखवावी लागते. ‘ठाकूर’ आडनाव असलेला प्रत्येक जण ठाकूर या आदिवासी जमातीचा नसतो, हे समित्यांना पक्के ठाऊक असते. चावडीवरच्या जाणत्यांना मात्र नुसते नाव पुरते.

बाकीचे गैरसमज याच्यापुढे किरकोळ. आडनावे सगळी संस्कृतातून आली, हा त्यांतला एक. चिटणीस, पोतनीस, पारसनीस, कारखानीस, फडणवीस यांच्या शेवटी जो ‘नीस’ किंवा ‘नवीस’ आहे तो फारसी आहे, अर्थ लिहिणारा. पारसनीस म्हणजे फारसी पत्रव्यवहार लिहिणारा. फडणविसाचा सापाच्या फण्याशी काही संबंध नाही.

गोव्यातले फर्नांडिस आणि रॉड्रिग्ज पोर्तुगिजांचे वंशज, हाही समज चुकीचा. बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्री किंवा धर्मपिता यांचे आडनाव मिळे, एवढेच. त्या नावांचा मूळ अर्थ फर्नांदोचा मुलगा, रोद्रिगोचा मुलगा.

पहिल्या नावांबद्दलही गैरसमज असतात. धोंडू, दगडू, केरबा, भिकाजी ही नावे आईबापांच्या अडाणीपणातून आलेली नाहीत. आधीची मुले दगावली की पुढच्यावर मृत्यूची नजर पडू नये म्हणून मुद्दाम टाकाऊ वस्तूचे नाव ठेवत. त्या नावात धास्ती आहे आणि जीव लावलेला आहे. ‘नकोशी’ मात्र या माळेत ओवू नये. ते नाव मुलगी नको म्हणूनच ठेवले जाई, आणि 2011 मध्ये साताऱ्यात प्रशासनाने पुढाकार घेऊन अशा अनेक मुलींचे पुन्हा नामकरण केले, ते योग्यच झाले.

शेवटचा समज असा, की लग्नानंतर बाईला नवऱ्याचे आडनाव लावावेच लागते. असा कोणताही कायदा भारतात नाही. आडनाव बदलायचे असेल तर विवाह नोंदणीचा दाखला किंवा राजपत्रातील प्रसिद्धी जोडून कागदोपत्री बदल करून घ्यावा लागतो. माहेरचे आडनाव ठेवायचे असेल तर कोठेही अर्ज करावा लागत नाही. ते आपोआप तसेच राहते.