नऊ आचार्यांची विद्या

जादूच्या गोष्टींत काय वाटेल तें घडूं शकतें, आणि म्हणूनच त्यांत कांहीं घडल्याचा ठसा मनावर उमटत नाहीं, अशी प्रौढ वाचकांची नेहमींची तक्रार असते. ती बहुतांशीं खरी आहे. परंतु अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन (१९२९–२०१८) यांनीं ‘अर्थसी’ या आपल्या कल्पित द्वीपसमूहासाठीं मंत्रविद्येचें जें शास्त्र रचलें, त्यास ती लागू पडत नाहीं. या मालेंतील पहिलें पुस्तक १९६८ सालीं प्रसिद्ध झालें. बाई मानववंशशास्त्रज्ञ आल्फ्रेड क्रोबर यांच्या कन्या. तेव्हां निरनिराळ्या लोकांच्या भाषा आणि चालीरीती हा विषय त्यांच्या घरचाच होता.

अर्थसींत प्रत्येक वस्तूस आदिभाषेंतील एक खरें नांव असतें. तें ज्यास ठाऊक, त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते. म्हणून तेथील माणूस आपलें खरें नांव अत्यंत विश्वासाच्या जिवलगासच सांगतो आणि जगांत टोपणनांवानें वावरतो. जन्मनांव एक व व्यवहाराचें दुसरें, ही रीत ज्यांच्या घरीं आहे त्यांस हें फारसें नवल वाटणार नाहीं.

रोक बेटावरील विद्यापीठांत या विद्येच्या नऊ शाखा नऊ आचार्यांकडे सोंपविलेल्या आहेत. वारापाऊस, वनस्पति व रोगोपचार, जुनीं वीरगीतें यांचे आचार्य आहेत, सृष्टीची अंतर्रचना जाणणारा वनवासी आचार्य आहे. पण खरें मर्म हस्ताचार्य आणि परिवर्तनाचार्य या दोघांमधील भेदांत आहे. हस्ताचार्याची ती नजरबंदी. त्यानें खड्याचा हिरा केला तर तो हिऱ्यासारखा चमकेल, पण खडा तो खडाच राहील. त्याचा खरोखर हिरा करावयाचा तर त्याचें नांवच बदललें पाहिजे, आणि एका खड्याचें नांव बदलणें म्हणजे सर्व जगाच्या समतोलास तेवढा धक्का देणें. एका बेटावर पाडलेला पाऊस दुसऱ्या बेटाचा दुष्काळ ठरूं शकतो. म्हणून परिवर्तनाची विद्या क्वचितच आणि भीतभीत वापरावयाची. प्रकाश, उष्णता, लोहचुंबकाचें आकर्षण अशा सृष्टीच्या मूळ शक्तींस, आणि प्रसंगीं मृतांसही, बोलावणारा आवाहनाचार्य तर याहून सावध. आमच्या मतें या वर्गीकरणाचें तत्त्व शक्तीचें मोठेपण हें नव्हेच. त्या शक्तीची किंमत कोणास द्यावी लागते, हें होय.

नामाचार्याची शाळा मात्र दूर एका एकाकी मनोऱ्यांत आहे. तेथें विद्यार्थी नांवांच्या याद्या पाठ करीत बसतात, कारण मध्यरात्रीं शाई उडून पान कोरें होतें. पाठांतरास एवढा मान देणारें जादूचें विद्यापीठ आमच्या तरी पाहण्यांत दुसरें नाहीं!

कथानायक गेड हा बुद्धिमान पण गर्विष्ठ मुलगा. एका सहाध्यायाच्या डिवचण्यावरून तो शेंकडों वर्षांपूर्वीं मेलेल्या स्त्रीस आवाहन करितो. पडलेल्या फटींतून एक काळी छाया बाहेर येते, आणि ती फट बुजवितां बुजवितां वृद्ध महाचार्याचे प्राण जातात. पुढें गेड त्या छायेपासून पळतो, मग तिच्या मागें लागतो, आणि अखेर जगाच्या टोंकास तिला ज्या नांवानें हांक मारितो तें त्याचें स्वतःचेंच असतें.

आतां या विद्यापीठांत स्त्री एकही नाहीं. बायकांची जादू दुबळी आणि वाईट, अशी तेथील लोकांची समजूत. बाळंतपणें, दुखणींबाणीं, हरवलेलीं जनावरें ही खेड्यांतील चेटकिणीची कामगिरी, आणि तिला विद्या म्हणावयाचें नाहीं. वास्तविक गेडला पहिला मंत्र दिला तो त्याच्या मावशीनें, शेळ्यांना हांक मारण्याचा! ज्या आजीबाईच्या बटव्यावर घरचीं मुलें वाढतात, त्याची गणना कोणत्या शास्त्रांत करावयाची, हा प्रश्न केवळ अर्थसीचा नाहीं.

ले ग्विन यांना आपल्या मांडणींतील ही उणीव सोडवेना. तिसरें पुस्तक १९७२ सालीं आलें. त्यानंतर तब्बल अठरा वर्षांनीं, १९९० सालीं, त्यांनीं ‘तेहानू’ लिहिलें. त्यांत शेतकऱ्याची विधवा तेनार आणि आगींत भाजलेली एक पोर यांच्याभोंवतीं कथा फिरते, आणि गेडची सारी मंत्रशक्ति संपलेली आहे. २००१ सालच्या कथासंग्रहांत तर त्यांनीं रोकचा पूर्वेतिहासच सांगितला. विद्यापीठ उभारण्यांत स्त्रियांचा हात पुरुषांइतकाच होता. दार त्यांस मागाहून बंद झालें. हरवलेलें शोधून देणाऱ्याची जागाही पूर्वीं नऊ आचार्यांत होती. ती कला हलकी ठरवून तेथें गायनाचार्य बसविला गेला. जी मांडणी वाचकांनीं सृष्टीचा नियम म्हणून तीस वर्षें मान्य केली, ती कांहीं माणसांनीं एके काळीं केलेली निवड होती, हें लेखिकेनें स्वतःच्याच ग्रंथांत उघड केलें. एवढें धैर्य फार थोड्या ग्रंथकारांस होतें.

त्याच संग्रहाच्या शेवटच्या कथेंत इरियन नांवाची तरुणी रोकच्या दारीं येते. आलेल्याचें खरें नांव विचारून त्यास आंत घेणारा द्वारपाल हा नवांपैकींच एक आचार्य. तो तिला आंत घेतो. मग मात्र आवाहनाचार्य खवळतो, आणि आचार्यांत फूट पडते.